९३ हजार कैदी सोडले म्हणून शांतता गेली?

कृष्णाकाठ, कराड:
काल इथं एकानं लिहिलं, “७१ ला रणात कमावलं ते सिमला करारात घालवलं. ते ९३ हजार धरून ठेवले असते तर पाकिस्तान कायमचा गप्प बसला असता. पुरता पराभव हीच शांतता.” खाली अंगठ्यांची रांग. वाचून जेवण गोड लागलं नाही, म्हणून जरा लांबण लावतो.

ते युद्धकैदी होते, ओलीस नव्हते. शरण आले ते भारत आणि बांगलादेशाच्या संयुक्त कमांडपुढं, त्यामुळं बांगलादेशाला बाजूला ठेवून त्यांचा निकाल लावता येत नव्हता. कैदी परत पाठवणं १९७४ पर्यंत चाललं, आणि त्याच वर्षी फेब्रुवारीत पाकिस्ताननं बांगलादेशाला मान्यता दिली. ज्यासाठी जवान गेले ते पदरात पडलं होतं.

आता ‘पुरता पराभव’. सातारच्या माणसानं हे लिहावं याचं जास्त वाईट वाटलं. मान वर केली की अजिंक्यतारा दिसतो ना? डिसेंबर १६९९ ला औरंगजेब स्वतः पायथ्याला येऊन बसला. सुरुंग लावून तट उडवला, त्यात त्याचीच माणसं ढिगानं गाडली गेली. मार्च १७०० मध्ये राजाराम महाराज सिंहगडावर वारले, एप्रिलमध्ये किल्ला पडला. राजा नाही, राजधानी नाही, किल्ल्याचं नाव आझमतारा. याहून पुरता विजय कोणता? पण पुढची सात वर्षं तो म्हातारा किल्ल्यामागून किल्ले घेत फिरत राहिला, शेवटी नगरला मेला, आणि १२ जानेवारी १७०८ ला याच साताऱ्यात शाहू महाराजांचा राज्याभिषेक झाला. किल्ले त्यानं घेतले, पण हरलेल्यानं उद्यापासून कसं जगायचं याचा विचार त्यानं कधी केला नाही.

उलट वारणेचा तह बघा. १७०७ ला खेडच्या लढाईत काकू ताराराणींच्या फौजेविरुद्ध शाहू महाराज जिंकले, तरी घरातली भाऊबंदकी २४ वर्षं चालली. मिटली ती १७३१ ला. वारणा ही हद्द, दक्षिणेला कोल्हापूर. एकाचा वैरी तो दुसऱ्याचाही वैरी. हरलेल्या चुलतभावाला, कोल्हापूरच्या संभाजीराजांना, शाहू महाराजांनी कराडजवळ मानानं भेटवून घेतलं. मला म्हणायचंय ते एवढंच: जिंकणाऱ्यानं हरणाऱ्याला घरी जायची वाट ठेवली तरच लढाई संपते.

माजी सुभेदार, सातारा तालुका:
सर, अर्धंच सांगितलंत. तह आभाळातून पडला नाही. आदल्या वर्षी शाहू महाराजांच्या प्रतिनिधींनी कोल्हापूरकरांची वारणेकाठची छावणी मोडली, ताराराणी आणि संभाजीराजांच्या राणी जिजाबाई हाती लागल्या, मग संभाजीराजे बोलायला तयार झाले. आधी बुक्की, मग तह.

आणि मोठं मन दाखवून काय होतं तेही सांगतो. ऑगस्ट ६५ ला काश्मीरातली हाजी पीर खिंड आपण घेतली. तुमच्या कराडचे यशवंतराव तेव्हा संरक्षणमंत्री. जानेवारीत ताश्कंदला सही झाली आणि खिंड पाकिस्तानला परत. शांतता आली का? सहा वर्षांत पुन्हा युद्ध. मी सियाचिनला होतो. बुखारीशेजारी, म्हणजे शेगडीशेजारी, बसून मोजे वाळवायचे, आणि पहिलं बोट काळं पडतंय का ते टॉर्च मारून एकमेकांचं बघायचं. माझ्या डाव्या पायाच्या दोन बोटांना आजही गरम-गार कळत नाही. आम्ही वर बसलोय म्हणून ते खालून काही करू शकत नाहीत. हीच शांतता.

कृष्णाकाठ, कराड:
सुभेदारसाहेब, तुमच्या पायाला नमस्कार, मनापासून. पण आपली फौज वर गेली १९८४ ला आणि तोफा थांबल्या नोव्हेंबर २००३ ला. मधली एकोणीस वर्षं तुम्ही वरच होता ना? थांबल्या त्या शस्त्रसंधी झाली म्हणून.

माजी सुभेदार, सातारा तालुका:
आणि शस्त्रसंधी झाली ती आम्ही उतरलो नाही म्हणून! हे लिहायला तुमची लेखणी का अडते?

मिरजेचा, सांगली जिल्हा:
सर वारणेचं फार गोड चित्र रंगवतात. नंतर आमच्या पटवर्धनांची आणि कोल्हापूरची पिढ्यान्‌पिढ्या मारामारी चालली ती विसरले काय? १७९९ ला परशुरामभाऊ पट्टणकुडीला कोल्हापूरकरांशी लढतानाच पडले. तासगावचा गणपती बांधणारे तेच भाऊ.

आणि जर्मनी? १९१९ ला व्हर्सायमध्ये तह झाला, २० वर्षांत दुसरं महायुद्ध. १९४५ ला बर्लिनपर्यंत रणगाडे गेले, जर्मनी मुळापासून मोडला, तेव्हापासून शांत. म्हणजे तुम्ही ज्यावर चिडला तो काल लिहिणाराच बरोबर.

कृष्णाकाठ, कराड:
पटवर्धनांचं मान्य, माझं लिहिणं उघडं पडलं. पण ती लढाई पेशव्यांच्या सरदारांची. सातारा आणि कोल्हापूर गादीसाठी पुन्हा लढले नाहीत. जर्मनीचं मात्र तुम्ही मध्येच सोडलं. १९१९ ला दंड लावला, १९४८ पासून अमेरिकेच्या मार्शल योजनेतून त्याच पश्चिम जर्मनीला पैसा आणि सामान दिलं. हरवलं दोन्ही वेळा. फरक हरवल्यानंतरचा आहे.

तासगाव, बागायतदार:
मध्ये बोलतो. हे हरणाऱ्याचा मान वगैरे पुस्तकात ठीक. आमचा चुलतभावाशी बांधाचा वाद होता, दीड गुंठ्याचा. नऊ वर्षं तारखा. निकाल आमच्या बाजूनं लागला. मोजणी झाली, दगड रोवले. दोन महिन्यांत एका सकाळी द्राक्षबागेत गेलो तर चार ओळी बुंध्यापासून कापलेल्या. फळछाटणी होऊन डोळे नुकते फुगलेले. मी पहिल्या ओळीतच खाली बसलो. कापलेल्या जागेतून पाणी ठिबकत होतं. सांगा सर, इथं काय मान ठेवायचा? असल्या माणसाला पुरता मोडावाच लागतो.

मिरजेचा, सांगली जिल्हा:
मोजणीचं नाव काढू नका. आमच्याकडं तिसऱ्यांदा मोजणी झाली आणि तिन्ही वेळा दगड वेगळ्या जागी. प्रत्येक वेळी फी भरा, प्रत्येक वेळी पलीकडचा सही करत नाही. या जिल्ह्यात अर्धी भांडणं त्या साखळीनंच लावलीत.

जतकर:
तुमच्याकडं पाणी आहे म्हणून दीड गुंठ्यावर भांडता. आम्हाला एकर मोकळा पडलाय, कुणी बांध कोरत नाही. म्हैसाळ उपसा योजनेचं पाणी आमच्या शिवारात येईस्तोवर आम्ही वाट किती बघितली ते या चर्चेत कुणी विचारणार नाही.

माजी सुभेदार, सातारा तालुका:
तासगावकर, एक विचारू? निकालाआधी भावाची पाइपलाइन तुमच्या रानातून जात होती का?

तासगाव, बागायतदार:
जात होती. मग?

माजी सुभेदार, सातारा तालुका:
निकालानंतर ठेवली का?

तासगाव, बागायतदार:
माझं रान, माझा निकाल! नऊ वर्षं वकिलाला पैसे मी मोजले. आई मला तारखेला जाताना बघत गेली. तुम्ही कोण मला विचारणार? आपल्या बोटांचं बघा.

माजी सुभेदार, सातारा तालुका:
बोटांवर बोललास ते सोडून देतो, वयानं मोठा आहे. पण मी बाजू तुझीच घेत होतो, मीच इथं विजयाच्या बाजूनं भांडतोय. एवढंच सांगतो, पोस्ट जिंकली की समोरच्याचा पाणवठा तोडायचा नाही, हे आम्हाला कुणी पुस्तकात शिकवलं नव्हतं. पाणी तोडलं की तो रात्री येतोच. सियाचिन वेगळं, तिथं कुणाचं घर नाही.

माहेर अपशिंगे:
सुभेदारकाका, तुम्ही बोललात म्हणून लिहिते. आमच्या गावाच्या नावातच मिलिटरी आहे. पहिल्या महायुद्धात गेलेल्या ४६ जणांचा स्तंभ गावात उभा आहे. लहानपणी त्याच्या पायरीवर आम्ही सागरगोटे खेळायचो. ती माणसं जिंकलेल्या बाजूनंच लढली होती ना? तरी २१ वर्षांत आमच्याच घरांतून पुन्हा माणसं गेली. माझे वडील फौजेत, भाऊ फौजेत. जिंकू नका असं मी कुणाला म्हणणार नाही, हरलेल्या फौजेतल्या माणसाच्या घरी काय होतं तेही मला कळतं. पण जिंकल्यावर नीट मिटवायचं काम ज्यांचं, त्यांनी ते केलं नाही की मरणाची खबर पुन्हा आमच्याच दारात येते. कालच्या त्या पोस्टवर अंगठा देणाऱ्यांत किती जणांच्या घरी वर्दी आहे?

मिरजेचा, सांगली जिल्हा:
ताई, माझ्या घरी नाही. मार्शल योजनेचं सरांचं म्हणणं मी घेतो. पण बर्लिन पडलं नसतं तर ती योजना कुणाला दिली असती, यावर मी ठाम आहे.

कृष्णाकाठ, कराड:
आणि मी सुभेदारसाहेबांची बुक्की घेतो. १७३० ची छावणी मी मुद्दाम गाळली होती, ती गाळायला नको होती. खिंडीचं अजून पटत नाही, त्यावर वेगळं भांडू.

तासगाव, बागायतदार:
काका, बोटांचं बोललो ते चुकलं. पाइपलाइन मीच उखडली होती, निकालाच्या दुसऱ्याच दिवशी, जेसीबी लावून. त्याची पाऊण एकर बाग त्या उन्हाळ्यात वाळली. हे मी आजवर कुठं बोललो नव्हतो. वेली त्यानंच तोडल्या असं मी अजूनही म्हणतो, आणि ते चूकच होतं. पण पाइप आमच्या शेडमागं तसेच पडलेत. चार इंची, बरेचसे धड आहेत.

माजी सुभेदार, सातारा तालुका:
एप्रिलच्या खरड छाटणीआधी चर मार. मजूर मिळाले नाहीत तर सांग, मी येतो.