दान्तेचा ‘इन्फर्नो’ मूकपटात कितपत उतरला?

रसिक_वाचक: इटालियन कवी दान्तेच्या ‘डिव्हाइन कॉमेडी’ या महाकाव्याच्या ‘इन्फर्नो’ (नरक) या पहिल्या खंडावर ‘मिलानो फिल्म्स’ने काढलेला १९११चा ‘लिन्फर्नो’ हा मूकपट नुकताच पाहिला. ज्या काव्याचा प्राण त्याच्या त्रिपदी रचनेत आणि पापी जीवांच्या मुखातील निवेदनांत आहे, ते आवाजाविना दाखवण्याचे धाडस दिग्दर्शकांनी कशाच्या बळावर केले असावे?

जुनी_रिळे: मुख्य आधार फ्रेंच चित्रकार गुस्ताव्ह दोरे यांच्या चित्रांचा होता. एकोणिसाव्या शतकात त्यांनी ‘इन्फर्नो’साठी केलेली चित्रे वाचकांच्या मनात इतकी ठसली होती, की बेर्तोलिनी, पादोव्हान आणि दे लिग्वोरो या दिग्दर्शकांनी अनेक दृश्यांची मांडणीच त्यांवरून केली. स्वतःचे छिन्न मस्तक केस धरून हाती वागवणारा, नरकात शिक्षा भोगणारा कवी बेर्त्रां द बोर्न पडद्यावर येतो, तेव्हा एकाही शब्दाची उणीव भासत नाही. शिवाय फ्रांचेस्का किंवा उगोलिनो हे नरकातील जीव आपली कहाणी सांगू लागले, की ती पूर्वदृश्य म्हणून समोर घडते. म्हणजे निवेदनाची जागा घटनेने घेतली आहे आणि त्या काळाचा विचार करता ही युक्ती मला फार मोलाची वाटते.

पीसाचा_मनोरा: उगोलिनोच्या बाबतीत मात्र मी सहमत नाही. मनोऱ्यात कोंडलेल्या त्या सरदाराची मुले उपासमारीने एकामागून एक मरतात आणि मग दान्ते त्याच्या तोंडी एवढेच घालतो, की दुःखाला जे साधले नाही ते भुकेने साधले. तो भुकेने मेला की त्याने मुलांचे मांस खाल्ले, हा वाद शतकानुशतके चालू आहे. अशी संदिग्धता शब्दच पेलू शकतात. इटालियन लेखक मान्झोनीच्या ‘इ प्रोमेस्सी स्पोझी’ या कादंबरीवर १९१३मध्ये आंब्रोझिओ आणि पास्क्वाली या दोन कंपन्यांनी स्वतंत्र मूकपट काढले, तिथेही अडचण हीच होती: लेखकाचा मिस्कील, समंजस स्वर दाखवायचा कसा? दान्तेकडे निदान दृश्यांची रेलचेल आहे.

जुनी_रिळे: संदिग्धतेबद्दलचा आपला मुद्दा मान्य आहे. तरीही एक गोष्ट सुचवतो. ‘लिन्फर्नो’चा शेवट त्रेन्तो येथील दान्तेच्या स्मारकावर होत असे आणि १९११ साली ते इटालियनभाषी शहर ऑस्ट्रियाच्या ताब्यात होते, त्यामुळे इटालियन प्रेक्षकांना त्या दृश्याचा राजकीय अर्थ निराळा सांगण्याची गरज नव्हती. पुढे अनेक प्रतींतून हे दृश्य गळाले. आपण पाहिलेल्या प्रतीत ते होते का, हे जरूर कळवावे.