रॉन्डो हॅटन: मेकअपशिवायचा राक्षस

हॉलिवूडच्या भयपटांतला नट रॉन्डो हॅटन याचा चेहरा पहिल्या महायुद्धातल्या विषारी वायूने बिघडला, असं सांगितलं जातं. ती युनिव्हर्सल स्टुडिओच्या प्रसिद्धी खात्याने पिकवलेली कंडी. खरं कारण ॲक्रोमेगाली. पीयूष ग्रंथीतून वाढीचं संप्रेरक जास्त स्रवतं आणि प्रौढ वयातही जबडा, कपाळ, हातपाय वाढत राहतात. युनिव्हर्सलला मेकअपचा खर्च नसलेला राक्षस आयताच मिळाला! १९४४ च्या 'द पर्ल ऑफ डेथ' या चित्रपटातला त्याचा क्रीपर नावाचा खुनी मुका आहे, चेहराही शेवटाकडेच दिसतो. नुसत्या सावलीवर भागवलेलं ते काम मला सगळ्यात सरस वाटतं. पुढे संवाद दिले, तिथे तो अवघडला. २ फेब्रुवारी १९४६ ला तो गेला. 'हाउस ऑफ हॉरर्स' आणि 'द ब्रूट मॅन' दोन्ही त्यानंतर लागले. दुसरा तर युनिव्हर्सलने पीआरसी या किरकोळ कंपनीला विकून टाकला.