मुक्या डोहाला नायकाची ओळख नसते

काळीमाती:
परवा आपण गोष्टींसाठी मिळून रचत असलेल्या सातमाळ या काल्पनिक जगाच्या नकाशावर बोलणं चालू असताना होटगीकर यांनी लिहिलं, की मुका डोह आता कंटाळवाणा झालाय. नायकानं काठावर मंत्र म्हणावा, डोहानं आजवर गिळलेले सगळे आवाज परत द्यावेत आणि डोहाचं नाव 'मौनसरोवर' करावं. दोन दिवस गप्प बसलो, आता राहवत नाही.

काठापासून चाळीस पावलांच्या आत जो बोलेल त्याचा आवाज गेला, हा नियम आपण सगळ्यांनी मिळून केला. राजाचा गेला, भिकाऱ्याचाही गेला. म्हणून तर तिथून जाताना धनगर मेंढरांच्या घंटांत लोकर कोंबतात आणि बाया तान्ह्या लेकराला पाजत पाजतच चाळीस पावलं ओलांडतात. मला धडकी भरते ती त्या लोकरीच्या बोळ्यानं. नायकाला सूट दिलीत की तो बोळा खोटा पडला. पिढ्यान्‌पिढ्या धनगर उगाच घाबरत होते, असा त्याचा अर्थ होतो.

खरी पाणीसुद्धा अशीच असतात. कॅमेरूनमधल्या न्योस तळ्याच्या तळाशी साठलेला कार्बन डायऑक्साइड २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री एकदम उसळून वर आला. हवेपेक्षा जड, म्हणून दरीदरीनं खाली उतरला. सुमारे १७०० माणसं गेली, बरीचशी झोपेतच. घरादारांना धक्काही नाही. लांब कशाला, आमच्या मोहोळकडच्या शेतात जुन्या विहिरीचा गाळ काढायचा होता. चुलत्यांनी आधी दोरीला कंदील बांधून आत सोडला. दहा-बारा हात खाली गेल्यावर ज्योत बारीक झाली आणि गेली. पहिल्या पायरीवर पाय ठेवलेला गडी तसाच मागं सरला. त्या विहिरीनं कोण उतरतंय हे विचारलं नसतं.

होटगीकर:
न्योसचं वाचून वाईट वाटलं, पण ती दुर्घटना आहे. आपण गोष्ट लिहितोय. आपल्याकडच्या गोष्टींत पाणी परत देतं. शीतळासप्तमीची कहाणी आजीकडून ऐकली असेलच. तळ्याला पाणी लागेना, राजानं सुनेच्या लेकराचा बळी दिला, तळं भरलं. मग त्याच तळ्यापाशी तिनं वसा पाळला आणि पाण्यातून लेकरू परत आलं. ते ऐकताना कुणी 'नियम मोडला' म्हणालं नाही. तुम्हाला जादू नकोच आहे, तुम्हाला विहिरीतला वायू हवाय.

उन्हाळी:
ते राहू द्या, मला नावावर बोलायचंय. 'मौनसरोवर' कोण म्हणेल? ज्यांची मेंढरं तिथून जातात ते? माझ्या आईचं माहेर अक्कलकोटकडचं, ती ओढ्याला हळ्ळ म्हणते. शेजारच्या तेलुगू काकू तळ्याला चेरुवु म्हणतात. मी तळं म्हणते. तीन घरांत तीन शब्द, आणि त्यात सरोवर कुठंच नाही. सोलापुरात बसून जग रचायचं आणि नावं मात्र पाठ्यपुस्तकातली? दर वेळी हेच होतं. नदी आली की 'सलिला', डोंगर आला की 'गिरी'.

हातमाग:
लोणारला सगळे सरोवरच म्हणतात. जून २०२० मध्ये त्याचं पाणी गुलाबी झालं तेव्हा तुम्हीही म्हटलं असेल. शब्दावर एवढा राग कशाला?

उन्हाळी:
राग शब्दावर नाही. जो शब्द तिथल्या माणसाच्या तोंडात बसत नाही, तो लिहिणाऱ्यानं वरून लादलेला असतो. शहरी मिरवणं आहे हे.

हातमाग:
काय म्हणलालाव? मिरवणं? मी सोलापूरच्या पूर्व भागातल्या पत्र्याच्या घरात वाढलो. घरी तेलुगू, गल्लीत सोलापुरी. पाचवीत कविता म्हणायला उभा राहिलो आणि 'ळ' ऐवजी 'ल' निघाला, तर मास्तरांसकट वर्ग हसला. मधल्या सुट्टीत भिंतीकडं तोंड करून 'कमळ, बाळ, डोळा' घोकत बसायचो. सरोवर, सलिला हे शब्द मी असे एकेक करून कमावलेत. तेव्हा बोलीवर हसले, आता कमावलेल्या शब्दांवर बोट ठेवता. मग आम्ही लिहायचं तरी कशात?

उन्हाळी:
हे मला माहीत नव्हतं. 'मिरवणं' मागं घेते. पण धनगर सरोवर म्हणणार नाही, ते मागं घेत नाही.

हातमाग:
नका घेऊ. राजाच्या नकाशावर मौनसरोवर लिहा, धनगराच्या तोंडी मुका डोह राहू द्या. आपल्याकडंही सातबाऱ्यावर एक नाव आणि गावाच्या तोंडात दुसरं असतंच की.

काळीमाती:
नावाचं मिटलं असेल तर मूळ मुद्द्यावर या. होटगीकर, कहाणीचं तुमचं बरोबर आहे, तळं परत देतं. पण आधी ते लेकरू घेतं, आणि आईला वसा पाळावा लागतो. तुमचा नायक येतो, चार ओळी म्हणतो आणि शेकडो आवाज घेऊन निघतो. त्यानं काय दिलं?

होटगीकर:
सांगतो, मग हसायचं तर हसा. तीन वर्षांपूर्वी वडिलांच्या घशाचं ऑपरेशन झालं, स्वरयंत्र काढावं लागलं. उशाला पाटी असते. सकाळी 'चहा' एवढंच लिहितात आणि मी वाचलं की तळहातानं पुसतात. शर्टाच्या उजव्या बाहीला कायम खडूची पांढरी रेघ असते. त्यांचा आवाज मी मोबाइलवर जपून ठेवला नव्हता. लग्नाच्या एका व्हिडिओत ते मागून 'अरे, पाणी आण' म्हणतात, तेवढाच आहे. आपण स्वतः रचलेल्या जगात तरी आवाज परत मिळावा असं वाटलं. म्हणून मंत्र.

काळीमाती:
हसणार कोण? हे आधी सांगितलं असतं तर मी इतक्या तावातावानं लिहिलं नसतं. तरीही मंत्राला माझा नकारच आहे. डोह आवाज परत देतो, इथवर मी येतो. पण एकालाच एक, आणि मागणाऱ्यानं काठावर उभं राहून स्वतः बोलायचं. म्हणजे त्याचा आवाज आत जाईल आणि दुसऱ्याचा बाहेर येईल. यापेक्षा स्वस्तात नाही.

होटगीकर:
मी जाईन बोलायला. वडील मात्र पाटीवर 'नको' लिहितील आणि या वेळी पुसणार नाहीत. तुमचा नियम मला पटलेला नाही, तरी तसंच लिहा. फक्त नायकाच्या जागी मुलगा घाला, आणि काठाच्या अलीकडं बाप उभा राहू द्या, पाटी वर धरून.