नवसाची मूर्ती: पावणारी की वाहिलेली?

पाटावरवंटा
एका लेखाचं भाषांतर करतेय. स्पेनमध्ये सेव्हियाजवळ एल काराम्बोलो इथे सापडलेली अस्तार्ते या फिनिशियन (प्राचीन लेबनॉनकडच्या दर्यावर्दी व्यापाऱ्यांच्या) देवीची छोटी ब्राँझ मूर्ती, इ.स.पू. ८व्या शतकाच्या सुमाराची. उंची जेमतेम १६ सेंमी. बसलेली, विवस्त्र, उजवा हात उचललेला, डावा तुटलाय. लेखात तिला 'व्होटिव्ह', म्हणजे देवाला वाहिलेली वस्तू, म्हटलंय. 'नवसाची मूर्ती' लिहिलं, तर वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे नवसाला पावणाऱ्या गणपतीची रांग येते. इथे तर मूर्तीच देवीला वाहिलेली आहे. 'अर्पणमूर्ती' कसं वाटतं?

आळसोबा
परिपत्रकातल्यासारखं.

चिंचगूळ
टाक?

पाटावरवंटा
नाही हो. टाक पत्र्यावर ठोकून उठवलेला असतो, आणि तो आपल्याच देवघरात पुजायचा. ही भरीव आहे, आणि देऊन टाकलेली.

आळसोबा
तिच्या पायांखालच्या पाटावर कोरलेला फिनिशियन मजकूर बघा ना. बालयतोन आणि अब्दबाल हे दोघे, दोम्मिल्कचे मुलगे, 'आमच्या स्वामिनी'साठी हे करतात, 'कारण तिने त्यांच्या बोलण्याचा आवाज ऐकला'. आपल्याकडे याला एकच क्रियापद आहे: पावली. (नावंही आपल्या ओळखीची. बालयतोन म्हणजे 'बालाने दिला', सरळ देवदत्त. अब्दबाल म्हणजे बालाचा दास. हा बाल म्हणजे त्यांचा देव, अर्थ 'धनी', आपलं बाळ नव्हे.) देवीला चांदीचे डोळे किंवा पाळणा वाहतात तशीच ही. 'नवस फेडायला वाहिलेली मूर्ती' लिहा. नाम सापडत नसेल तर क्रियापदावर भागवावं, मराठीला ते शोभतं.

चिंचगूळ
थांबा, नवस आधी *बोलावा* लागतो. देवीने ऐकलं, एवढंच कोरलेल्या मजकुरात आहे. 'अमुक झालं तर तमुक देईन' असं भाऊ बोलले होते हे कुठे आहे? तिथलं क्रियापद 'प-अ-ल', म्हणजे 'केलं, घडवलं'. नवस बोलण्याला त्या भाषेत वेगळा धातू आहे, 'न-द-र'. उत्तर आफ्रिकेतल्या कार्थेज या फिनिशियन वसाहतीत तानित देवी आणि बाल हम्मोन देव यांना वाहिलेल्या हजारो शिळांवर तो येतो, आणि शेवटी हेच: 'कारण त्याने आवाज ऐकला'.

आळसोबा
मान्य. 'फेडायला' काढा, 'देवी पावली म्हणून वाहिलेली' ठेवा.

पाटावरवंटा
हे चालेल. आणि 'नदर' वाचून नजराणा आठवला, उगाच?

चिंचगूळ
उगाच नाही. अरबी 'नझ्र' म्हणजे नवस, त्यावरून फारसीमार्गे आपल्याकडे नजराणा आला. फिनिशियन 'नदर' त्याच सेमिटिक घरातला, म्हणजे अरबी-हिब्रूच्या भाषाकुळातला. डोळ्यांची 'नजर' मात्र वेगळ्या अरबी धातूची, कानाला तेवढी सारखी.

पाटावरवंटा
आता त्या कोरीव मजकुरात देवीच्या नावापुढे येणारा 'ह-र'. कुणी 'हुर्री (पश्चिम आशियातल्या एका प्राचीन समाजाच्या) लोकांची' म्हणतं, कुणी 'गुहेतली'. मी नुसतं 'अस्तार्ते-हर' ठेवते. मराठी वाचकाला महादेव दिसला तर तळटीप देईन.