दारावर 'ढकला' लिहावं लागलं, तर चूक कोणाची?

कोथरूडची_ताई
सोसायटीत नवं काचेचं दार बसलंय. दोन्ही बाजूंना एकसारखी उभी दांडी. दांडी दिसली की हात ओढतोच, त्यामुळे बाहेर जाणारे रोज दाराशी झटापट करतात. शेवटी सेक्रेटरींनी पारदर्शक स्टिकर लावला: 'ढकला. ओढून उघडणार नाही, आधीच्यांनी प्रयत्न केला आहे.' फोटो ग्रुपवर फिरला, सगळे खूश. मी म्हणते, पाटी लागली तिथेच दार नापास. रोजच्या वस्तूंच्या डिझाइनवर लिहिणाऱ्या डॉन नॉर्मनचं १९८८चं पुस्तक अशाच दारांवरून गाजलं, लोक अशा दारांना 'नॉर्मन डोअर' म्हणतात. ढकलायच्या बाजूला नुसता सपाट पत्रा लावा, दुसरं काही करताच येणार नाही.

सदाशिवपेठी
पत्र्याचे पैसे मेंटेनन्समधूनच जाणार ना? लोकांनी वाचायला शिकावं. आमच्या बोर्डावर एका ओळीत आठ बटणं आहेत, गेली तीस वर्षं अंधारात बरोबर पंखा लावतो. सवय लागते हो.

कोथरूडची_ताई
तुम्हाला लागली, काका. पाहुणे काय करतात? एक दिवा, दुसरा दिवा, मग टीव्ही बंद, मग 'अहो, पंख्याचं कुठलं?' बटणं ओळीत आणि पंखे-दिवे खोलीभर. कशाचं काय, हे मांडणीतून कळतच नाही. याला मॅपिंग चुकणं म्हणतात.

हिंजवडी_रिटर्न
ताई, बोर्डाचं शंभर टक्के मान्य. पाटीचं नाही. नॉर्मननीच पुढे 'सिग्निफायर' शब्द आणला: काय करायचं ते सांगणारी खूण. दांडी ही खूण, तशी पाटीही खूणच. आम्ही ॲपमधले शब्द काढून नुसती चित्रं ठेवली होती, स्क्रीन काय देखणा दिसायचा! आईला दाखवला. तीन आडव्या रेघांकडे बघून म्हणाली, 'हे काय, गंध लावलंय?' मेनू तिथे आहे हे तिला कळायचं कसं? दुसऱ्या दिवशी खाली 'मेनू' लिहिलं. त्यात कसला आलाय पराभव?

कोथरूडची_ताई
गंध! बरं, ॲपचं मान्य. पण दाराला हात आधी लागतो, वाचणं नंतर. तिथे दांडी एक सांगते आणि पाटी दुसरं. भांडण त्या दोघींचं आहे, मार आपल्याला.

सदाशिवपेठी
आत्ताच खाली जाऊन आलो. स्टिकर पारदर्शक, त्यामुळे बाहेरूनही दिसतो, उलटा. कुरिअरवाला मान वाकडी करून वाचत होता. वाचलं आणि ढकललंन.