मदत हवी आहे: निर्दोष सुटकेविरुद्ध अपील

माझ्या भावाला मारहाण झाली, हात मोडला. गेल्या महिन्यात न्यायदंडाधिकाऱ्यांनी आरोपीला संशयाचा फायदा देऊन सोडलं. दोन साक्षीदार फितूर झाले, पण डॉक्टरांची साक्ष ठाम होती. निकालात तिचा जेमतेम उल्लेख आहे. हेच मनाला फार लागलंय.

सरकार अपील करेल असं दिसत नाही. पीडित स्वतः सत्र न्यायालयात जाऊ शकतो (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 372, आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 413) आणि त्याला वेगळी परवानगी लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये म्हटल्याचं वाचलं.

पीडिताच्या अपिलाला मुदत किती धरतात? निकालाची नक्कल अजून मिळालेली नाही, ते दिवस वगळतात का? केवळ वैद्यकीय पुरावा आणि भावाची साक्ष यांवर अपील टिकलेलं कुणी पाहिलंय का? कृपया सांगा.