फुल कोर्ट प्रेस: कमजोर संघाचं हक्काचं हत्यार की रडीचा डाव?

बेसलाइन

शाळेच्या सामन्यात एखाद्या संघाने पहिल्या मिनिटापासून फुल कोर्ट प्रेस लावला की समोरच्या बाकावरून ओरड ठरलेली: "हा रडीचा डाव आहे." मला हे मुळीच पटत नाही. ज्या संघाकडे उंची नाही, शॉट नाही, पण पाय आहेत आणि दम आहे, त्याने काय करावं? मागे पळत जाऊन रिंगखाली उभं राहावं आणि वीतभर उंच खेळाडूंना डोक्यावरून बास्केट टाकू द्यावी?

ज्यांनी फक्त टीव्हीवर पाहिलंय त्यांच्यासाठी थोडक्यात. बास्केट झाली की बहुतेक संघ आपल्या अर्ध्यात परततात आणि समोरचा गार्ड, म्हणजे चेंडू पुढे आणणारा खेळाडू, आरामात चेंडू घेऊन येतो. प्रेसमध्ये मागे जायचंच नाही. थ्रो-इनपासूनच, म्हणजे चेंडू लाइनबाहेरून आत टाकतात तिथूनच अडवायचं, ज्याच्या हातात चेंडू पडेल त्याच्यावर कोपऱ्यात दोघांनी तुटून पडायचं. थ्रो-इनला ५ सेकंद आणि मधली लाइन ओलांडायला ८ सेकंद, हे दोन्ही नियम बचाव करणाऱ्याच्या बाजूचे आहेत आणि बहुतेक कोच ते वापरतच नाहीत.

विवेक रणदिवे यांचं उदाहरण घ्या. मुंबईत वाढले, अमेरिकेत जाऊन टिबको ही सॉफ्टवेअर कंपनी काढली. कॅलिफोर्नियात रेडवुड सिटीला ते मुलीच्या संघाचे कोच झाले, मुली १२ वर्षांच्या. स्वतः ते क्रिकेट-फुटबॉलवर वाढलेले, बास्केटबॉल खेळलेले नाहीत. त्यांचा प्रश्न साधा होता: कोर्ट ९४ फूट लांब आहे, मग बचाव शेवटच्या २४ फुटांतच का? संघात शॉट मारणाऱ्या मुली जवळपास नव्हत्याच. त्यांनी प्रत्येक सामन्यात सुरुवातीपासून शेवटपर्यंत प्रेस लावला आणि संघ राष्ट्रीय स्पर्धेपर्यंत नेला. २००९ मध्ये यावर एका अमेरिकी साप्ताहिकात मोठा लेख आला आणि तिकडे तेव्हापासून वाद चालू आहे.

ही काही पोरांच्या खेळातली युक्ती नाही. जॉन वूडन यांच्या यूसीएलए या अमेरिकी कॉलेजच्या संघाने १९६४ मध्ये पहिलं विजेतेपद मिळवलं ते २-२-१ झोन प्रेसवर, म्हणजे दोन-दोन-एक अशा रांगांत आपापली जागा धरून लावलेल्या प्रेसवर. ३० सामने, ३० विजय. सुरुवातीच्या पाचांत ६ फूट ५ इंचांपेक्षा उंच कुणीच नव्हता.

आणि एनबीए टू-के हा व्हिडिओ गेम ऑनलाइन खेळतानाही हेच. प्रेस लावला की समोरचा लगेच "चीज, चीज" म्हणून शिव्या घालतो. म्हणजे गेममधल्या त्रुटीचा फायदा घेऊन जिंकतोय असा आरोप. तुला प्रेस फोडता येत नाही हा माझा दोष कसा?

माझं मत: कोणत्याही वयोगटात सामनाभर प्रेस लावायला आडकाठी नसावी. खोडून काढा.

नागपूरची कोच

मी १४ वर्षांखालच्या मुलींना शिकवते, त्यामुळे हा माझा रोजचा प्रश्न आहे. रणदिव्यांचा दाखला तुम्ही अर्धाच दिलात. त्यांच्या मदतीला रॉजर क्रेग होते, एनएफएल या अमेरिकन फुटबॉलच्या लीगमधले नावाजलेले खेळाडू, आणि त्यांची मुलगी रोमेट्रा, जी अमेरिकेत कॉलेजच्या वरच्या पातळीवर बास्केटबॉल खेळली होती. असा स्टाफ आपल्या किती शाळांकडे आहे? आणि शेवट का गाळलात? राष्ट्रीय स्पर्धेत पंच एकामागून एक फाउल द्यायला लागले, प्रेस मागे घ्यावा लागला आणि नेहमीच्या पद्धतीने खेळल्यावर त्या मुली हरल्या. कारण नेहमीचा खेळ त्यांना कुणी शिकवलाच नव्हता.

बारा वर्षांची मुलगी साइडलाइनला दोघींच्या ट्रॅपमध्ये, म्हणजे कोंडीत सापडली की काय होतं ते एकदा जवळून बघा. ती चेंडू पोटाशी धरते, पाठ फिरवते, मान खाली घालते. पिव्हटचा, म्हणजे जागेवर टेकवून ठेवायचा पाय सरकतो, ट्रॅव्हल, चेंडू गेला. नाहीतर डोक्यावरून पास टाकते. मनगटात तेवढी ताकद नसते, चेंडू हवेत रेंगाळतो, तिसरी तो पळवते आणि एकटीच जाऊन लेअप (रिंगजवळून सोपी बास्केट) करते. पुन्हा थ्रो-इन, पुन्हा तेच. पहिल्या क्वार्टरला २०-० होतं. हरणाऱ्या मुलींना मधली लाइन ओलांडायलाच मिळत नाही, म्हणजे त्या दिवशी त्या बास्केटबॉल खेळल्याच नाहीत. जिंकणाऱ्यांनी काय केलं? पळापळ आणि मोकळे लेअप. स्क्रीन लावणं (सोबतिणीला अडवणारीची वाट रोखणं) नाही, कट मारणं (रिंगकडे झटकन घुसणं) नाही, झोनसमोर चेंडू फिरवणं नाही. दोन वर्षांनी समोरच्यांना ड्रिबल यायला लागतं आणि यांच्या हातात काहीच उरत नाही.

एनबीए ही अमेरिकेची व्यावसायिक लीग आणि यूएसए बास्केटबॉल यांनी मिळून मुलांसाठी जी मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत, त्यांत ७-८ वर्षांच्या गटात प्रेस नकोच असं सांगितलंय. ते काय उगीच?

बेसलाइन

@नागपूरची कोच, मॅडम, पंचांनी शिट्ट्या मारून प्रेस बंद पाडला हा प्रेसचा पराभव कसा? आणि ७-८ वर्षं आणि १४ वर्षं यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. १४ खालचे सामने जिल्ह्याला, विभागाला होतात, तिथे ट्रॉफी असते. ट्रॉफी ठेवायची आणि जिंकायचा प्रयत्न करू नका म्हणायचं, हे जुळत नाही. पळापळ म्हणता, पण ट्रॅप लावायला कुणी कधी धावायचं, मागची मोकळी कोणी धरायची, पास कुठे पडणार याचा अंदाज, हे सगळं पाचही जणींना एका वेळी कळावं लागतं. मी याला कौशल्यच म्हणेन.

शिट्टी

अनेक वर्षं पंचगिरी केली आहे, म्हणून शिट्ट्यांबद्दल बोलतो. नीट लावलेल्या प्रेसवर मी कधीच फाउल दिला नाही. पण शाळेच्या पातळीवर नीट लावलेला प्रेस क्वचित दिसतो. ट्रॅपमध्ये छाती समोर, हात वर आणि पाय हलते हवेत. पोरं उलट करतात. पाय थांबतात आणि हात खाली येतात, थेट मनगटावर. तो फाउल आहे, कुठल्याही पंचाने द्यायलाच हवा. क्वार्टरमधला पाचवा टीम फाउल झाला की समोरच्याला दोन फ्री थ्रो, आणि पाच वैयक्तिक झाले की खेळाडू बाहेर. बाकावर सात चांगले खेळाडू नसतील तर ४० मिनिटं प्रेस हा हिशेब बसतच नाही.

दुसरं, "नियमात आहे ना?" एवढ्यावर विषय संपत नाही. १९९७ मध्ये एनबीएतल्या डॅलसच्या कोचने शिकागोच्या डेनिस रॉडमनचे फ्री थ्रो कच्चे म्हणून बबा वेल्स या खेळाडूला फक्त त्याला फाउल करायला उतरवलं. वेल्स ३ मिनिटांत सहा फाउल (एनबीएत मर्यादा सहाची) करून बाहेर. रॉडमनने १२ पैकी ९ टाकले. नियमात सगळं बसत होतं. पण त्या ३ मिनिटांत वेल्स बास्केटबॉल खेळला असं कोण म्हणेल? प्रेस त्या जातीचा नाही हे मला मान्य आहे, तो खरा बचाव आहे. पण २०-० झाल्यावरही तो चालू ठेवणारा कोच खेळ शिकवत नसतो.

ठाणे_टू_के

गेमच्या बाजूने लिहितो, कारण तिथला मुद्दा पूर्ण वेगळा आहे.

बेसलाइन दादा, टू-केमध्ये प्रेस चालतो तो समोरचा घाबरतो म्हणून. कंट्रोलरच्या डी-पॅडवरून एक सेटिंग बदललं की तुमचे पाचही जण धावायला लागतात. त्यातले चार कॉम्प्युटर चालवतो. म्हणजे तुम्ही ज्याला आत्ता कौशल्य म्हणालात, कोणी कधी धावायचं, ते गेममध्ये तुम्ही करतच नाही. तरी मी त्याला चीज म्हणणार नाही, कारण त्याची किंमत मोजावी लागते. तुमच्या खेळाडूंची एनर्जी भराभर उतरते आणि चौथ्या क्वार्टरला थकलेल्या गार्डच्या हातून मोकळा शॉटही जात नाही.

फोडायचा कसा? आर-वन दाबून आयकॉन पास वापरा, म्हणजे पास कुणाला ते बटणाने तुम्हीच निवडता. नुसतं एक्स दाबलं तर चेंडू गेम ठरवेल त्याच्याकडे जातो, आणि प्रेसमध्ये तो बहुतेक वेळा चुकीचाच असतो. टर्बो धरून ट्रॅपमध्ये घुसू नका. सेंटर मधल्या लाइनजवळ येईपर्यंत थांबा, त्याला द्या, तिथून पुढे तीन विरुद्ध दोन. दोन-तीन वेळा मोकळा डंक बसला की समोरचा स्वतःच सेटिंग बदलतो.

पण गेममधला विजय कोर्टावरच्या वादात पुरावा म्हणून आणू नका, ही विनंती. गेममध्ये काय चालेल हे कोड लिहिणारा ठरवतो. १९९३ च्या एनबीए जॅम या गेममध्ये मार्क टर्मेल या डिझायनरने चुरशीच्या सामन्यात शिकागोचे शेवटच्या क्षणीचे शॉट डेट्रॉइटविरुद्ध चुकावेत अशी सोय करून ठेवली होती, कारण तो स्वतः डेट्रॉइटचा चाहता. हे त्याने नंतर सांगितलं. तिथे तुमची कुठलीही रणनीती काय कामाची?

एडिसनकर

माझी मुलं इथे न्यू जर्सीत लीग खेळतात, त्यामुळे दोन्ही बाजूंचे पालक बघतो. मला वाटतं प्रेस चालतो की नाही हे समोरच्याच्या हातावर ठरतं. रिक पिटिनो हे उत्तम उदाहरण. १९९६ ला केंटकी कॉलेजला प्रेसच्या जोरावर विजेतेपद. १९९७ ला बोस्टन सेल्टिक्सचे कोच झाले, पहिल्याच सामन्यात जॉर्डनच्या शिकागोला हरवलं, गावभर जल्लोष. आणि मग? २००१ च्या जानेवारीत सोडून गेले तेव्हा १०२ विजय आणि १४६ पराभव, प्लेऑफ, म्हणजे बाद फेरी, एकदाही नाही. एनबीएतला गार्ड ट्रॅपच्या डोक्यावरून बघतो आणि ४० फुटांचा पास छातीवर देतो. रणदिव्यांनी २०१३ मध्ये सॅक्रामेंटो किंग्ज विकत घेतला. तोच संघ २०१९ ला वरळीच्या डोममध्ये इंडियाना पेसर्सशी खेळला, अनेकांनी पाहिला असेल. त्यांच्या स्वतःच्या संघानेही हंगामाचे ८२ सामने प्रेस लावून पाहिला नाही.

म्हणजे जे तंत्र समोरच्याला पास देता येत नाही म्हणूनच चालतं, ते तुम्ही मुलांना मुख्य शस्त्र म्हणून देताय. मी नागपूरच्या कोचबाईंच्या बाजूने.

बेसलाइन

@एडिसनकर, पिटिनोंचं बरोबर, पण गोष्ट २००१ ला संपत नाही. तुम्ही ज्या पेसर्सचं नाव घेतलंत त्यांचंच २०२५ बघा. पूर्ण प्लेऑफ त्यांनी समोरच्या गार्डला बेसलाइनपासून धरलं. न्यूयॉर्कला ४-२ ने काढलं. फायनलच्या तिसऱ्या सामन्यात टी. जे. मॅककॉनेल, उंची जेमतेम ६ फूट १ इंच, बाकावरून येऊन ५ स्टील करून, म्हणजे ५ वेळा चेंडू पळवून गेला आणि त्यातले काही सरळ थ्रो-इनवर. बास्केट झाल्यावर ओक्लाहोमाचे खेळाडू सवयीने पाठ फिरवत होते, हा तिथेच दबा धरून. सातव्या सामन्यात हरले, पण ते तिथपर्यंत जातील असं कुणी धरलं नव्हतं. जगातल्या सर्वोत्तम खेळाडूंना ९४ फूट धरणं कामाला येतं, तर "फक्त कच्च्या पोरांवर चालतं" हे म्हणणं टिकत नाही.

एडिसनकर

पेसर्स ट्रॅप कमी लावत होते. एकेकाला एकट्याने दमवत होते, शॉट क्लॉकमधले, म्हणजे शॉट घ्यायला मिळणाऱ्या वेळातले ६-७ सेकंद खात होते. शिवाय दहा-अकरा जण फिरवून. आणि मागे हाफ कोर्टचा उत्तम बचाव तयार होताच. शाळेत लावतात तो प्रेस आणि हा, दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

सांगलीचा_६

मी आत्ता अकरावीत आहे. आमच्या शाळेत कोर्टच नव्हतं, मैदानावर एका बाजूला एक रिंग. हाफ कोर्टचे प्ले शिकवायला कोच नव्हते, पीटीचे सर खो-खोचे. त्यांनी आम्हाला प्रेस शिकवला कारण पळायला आम्हाला येत होतं. त्याच्यावर आम्ही विभागापर्यंत गेलो. दहावीला क्रीडागुण किती मिळणार हे कुठल्या पातळीपर्यंत पोचलात यावर असतं, हे इथल्या मोठ्या माणसांना माहीत असेलच. खेळ शिकवायचा म्हणून पहिल्याच फेरीत हरलो असतो तर पुढच्या वर्षी शाळेने संघच पाठवला नसता. जिंकलो म्हणून दुसरी रिंग बसली. मॅडम, ज्यांच्याकडे सगळं आहे त्यांनी आधी खेळ शिकवावा हे बरोबर आहे. आमच्यासारख्यांनी काय करायचं?

एक विचारायचं होतं. आता कॉलेजला समोरचे संघ आमच्यावरच प्रेस लावतात आणि मी पॉइंट गार्ड आहे. फोडायचा कसा?

नागपूरची कोच

@सांगलीचा_६, तुझ्या सरांनी होतं त्यातून संघ उभा केला, त्यांना माझा नमस्कार सांग. माझी तक्रार तुमच्यासारख्या शाळांबद्दल नाहीच. ज्यांच्याकडे दोन कोर्ट आणि बारा महिने कोच आहे, तेही १४ खालच्या मुलींना फक्त प्रेस शिकवतात, तक्रार ती आहे. म्हणून माझी मागणी एवढीच: १४ खाली प्रेस फक्त शेवटच्या क्वार्टरला, आणि १५ गुणांची आघाडी झाली की बंद. १७ खाली हवा तेवढा लावा.

बेसलाइन

आघाडीची अट मान्य. २०-० वर प्रेस चालू ठेवण्याचं समर्थन मी करणार नाही. पण शेवटच्या क्वार्टरची अट नाही. सांगलीच्या या पोरांना तीन क्वार्टर मागे उभं करून ठेवलं असतं तर चौथ्यापर्यंत सामना उरलाच नसता.

नागपूरची कोच

तिथे आपलं एकमत होणार नाही, हरकत नाही. मुलाच्या प्रश्नाचं उत्तर देते.

थ्रो-इन करणाऱ्याने बोर्डच्या मागे उभं राहायचं नाही, पास बोर्डला आपटतो. एक पाऊल बाजूला. बास्केट झाल्यावर त्याला बेसलाइनवर सरकायची मुभा असते, ती वापरा. तू कोपऱ्यात पास घेऊ नकोस; आधी आत जाऊन मग चेंडूकडे ये आणि शक्यतो कोर्टाच्या मध्यावर घे. पास घेतला की लगेच ड्रिबल टाकायचा नाही. वळ, मान वर, बघ. ट्रॅप येतोय दिसलं की दोघं जुळायच्या आत पास सोड; जुळल्यावर उशीर झालेला असतो. थ्रो-इन करणारा पास देऊन लगेच आत येतो, तो तुझ्या मागे मोकळा असतो, हे सगळे विसरतात. संघातला सर्वांत उंच आणि हात चांगला असलेला मुलगा मधल्या लाइनच्या अलीकडे ठेव, पाठ रिंगकडे, दोन्ही हात वर. त्याच्याकडे चेंडू गेला की दोन्ही बाजूंच्या मुलांनी साइडलाइनने सुसाट सुटायचं.

सरावाला पाच विरुद्ध सात खेळा, बचावाला दोन जादा. ड्रिबल बंद, फक्त पास, ८ सेकंद मोठ्याने मोजायचे. सुरुवातीला चेंडू सारखा जाईल. जाऊ दे.